शुद्ध बोलण्याचा मास्तर : ॲलिस्टर सिम

(द्वितीय वर्ष, कला)

“आधी नीट बोलायला शिका, मग नाटकात या.” हे वाक्य ज्याने कधी ऐकले नाही असा खेड्यातून आलेला विद्यार्थी कोणत्याही महाविद्यालयात शोधून सापडणार नाही. वाक्य वरवर पाहता गैरही नाही. रंगभूमीवर उभे राहायचे तर शब्द शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचला पाहिजे, श्वास पुरला पाहिजे, वाक्याचा शेवट गिळता कामा नये. हे सगळे शिकावेच लागते. पण त्या ‘नीट’ या शब्दात दुसरीही एक गोष्ट बेमालूम मिसळलेली असते. तुमच्या घरात जसे बोलतात तसे इथे चालायचे नाही, ही ती गोष्ट. पहिली कला आहे. दुसरी म्हणजे माणसाचे घर कोणते हे विचारण्याचा एक सभ्य मार्ग आहे, असे माझे स्पष्ट मत झाले आहे.

हे मत माझ्या डोक्यात पक्के झाले ते एका परदेशी नटामुळे. त्याचे नाव ॲलिस्टर सिम. स्कॉटलंडचा हा चरित्र-अभिनेता १९७६ साली वारला. आपल्याकडे त्याचे नाव फारसे कुणाला ठाऊक नसेल. चार्ल्स डिकन्सच्या नाताळच्या गोष्टीवरचा १९५१ सालचा ‘स्क्रूज’ हा चित्रपट आमच्या इंग्रजीच्या सरांनी पाहायला सांगितला म्हणून मी तो मोबाइलवर पाहिला, आणि त्या टक्कल पडलेल्या, मोठाल्या पाणीदार डोळ्यांच्या, ओघळल्या गालांच्या माणसाचा आवाज कानातून जाईना. मग मिळतील ते त्याचे चित्रपट पाहिले, मिळेल ते वाचले. तेव्हा कळले की हा माणूस नट होण्यापूर्वी वाणी-शिक्षक होता! लोकांना शुद्ध, स्पष्ट बोलायला शिकवणे हाच त्याचा पोटापाण्याचा धंदा होता. ‘आधी नीट बोलायला शिका’ हे म्हणण्याचा अधिकार ज्याला शंभर टक्के होता अशा माणसाने त्या अधिकाराचे काय केले, हे मला सांगावेसे वाटते.

सिमचा जन्म ९ ऑक्टोबर १९०० रोजी एडिंबरा शहरात झाला. वडील शिंपी होते, चार भावंडांत हा धाकटा. आई एग नावाच्या बेटावरची. स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्यालगत हेब्रिडीज बेटांचा समूह आहे, त्यातले हे एक लहानसे बेट. तेव्हा तिथली भाषा इंग्रजी नव्हती, गेलिक होती. गेलिक ही इंग्रजीची बोली नाही, ती वेगळ्याच शाखेतली भाषा आहे. त्याची आई वयात येता येता मुख्य भूमीवर आली तेव्हा तिला इंग्रजी जवळजवळ येत नव्हते. स्कॉटलंडमध्ये १८७२ साली शिक्षण सक्तीचे करणारा कायदा झाला. त्या कायद्यात गेलिकचा विचारच केलेला नव्हता, आणि शाळेत गेलिक बोलले म्हणून मुलांना शिक्षा होत असे. म्हणजे एका घरात तीन थर : आईच्या तोंडी बेटावरची गेलिक, गल्लीत एडिंबराची स्कॉट्स बोली, आणि शाळेच्या फळ्यावर इंग्रजी. पुढे वाणीचा मास्तर झालेला माणूस असल्या घरातून यावा याचे मला आधी आश्चर्य वाटले, नंतर वाटेनासे झाले. ज्याला जन्मतः एकच भाषा मिळते त्याला बोलण्याकडे कान देऊन पाहायची गरजच काय? कान देतो तो बाहेरून आत येणारा.

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारी मी पहिलीच. घरी आम्ही ‘पानी’ म्हणतो, वर्गात मी ‘पाणी’ म्हणते. पहिल्या सुट्टीत घरी गेले तेव्हा सवयीने ‘पाणी दे’ म्हणाले, तर धाकटी बहीण पोट धरून हसली. वर्गात ‘पानी’ला हसतात, घरात ‘पाणी’ला. दोन्हीकडचे हसू ऐकल्यामुळे न आणि ण यांच्यामध्ये जीभ नेमकी किती मागे जाते हे मला आज कुणाही शहरी मैत्रिणीपेक्षा जास्त बारकाईने सांगता येईल. असो.

सिमची गाडी रुळावर यायला फार वेळ लागला. शाळा सुटल्यावर वडिलांच्या दुकानात बसला, मग पुरुषांच्या कपड्यांच्या दुसऱ्या एका मोठ्या दुकानात नोकरी केली. कुठेच जमले नाही. १९१८ साली एडिंबरा विद्यापीठात रसायनशास्त्रासाठी प्रवेश घेतला, तोच लष्करी शिक्षणासाठी बोलावणे आले. युद्ध संपल्यावर परत येऊन त्याने घरी सांगितले की मला विद्यापीठात जायचे नाही, नट व्हायचे आहे. घरात काय झाले असेल ते आपण कल्पनेने जाणू शकतो. मुलाने प्रयोगशाळा सोडून तोंडाला रंग फासायचा म्हटल्यावर कोणता शिंपी बाप त्याची पाठ थोपटेल? सिम घर सोडून गेला आणि वर्षभर स्कॉटलंडच्या डोंगराळ भागात मोलमजुरी करत फिरणाऱ्या लोकांबरोबर राहिला. परतल्यावर नगरपालिकेच्या कर-आकारणीच्या कार्यालयात कारकुनी केली. त्याच काळात काव्यवाचनाच्या स्पर्धेत त्याला सुवर्णपदक मिळाले, आणि त्या पदकाच्या जोरावर १९२२ साली तो वाणीचा शिक्षक झाला. १९२५ पासून पुढची पाच वर्षे तो एडिंबराच्या न्यू कॉलेजमध्ये वाणीचा व्याख्याता होता. या कॉलेजात धर्मोपदेशक तयार होत. रविवारी चर्चमध्ये उभे राहून शेकडो माणसांना ऐकू जाईल असे कसे बोलावे, हे शिंप्याचा हा मुलगा त्या भावी पाद्र्यांना शिकवी.

ही पाच वर्षे माझ्या मते त्याच्या साऱ्या अभिनयाचा पाया आहेत. पुढे पडद्यावर त्याने किती पाद्री, हेडमास्तर, वकील आणि बिशप उभे केले! ही सगळी अधिकाराने बोलणारी माणसे. अधिकाराचा आवाज कसा कमावला जातो हे ज्याने आतून पाहिले त्यालाच तो आवाज कुठे पोकळ असतो हेही ठाऊक असणार. सिमचा हेडमास्तर मोठ्या रुबाबात वाक्य सुरू करतो आणि वाक्याच्या मध्यावर त्याचे डोळे घाबरतात. आवाज चालू राहतो, मागचा माणूस मात्र पळून गेलेला असतो. मला त्याच्या अभिनयाचे मर्म इथे सापडते.

१९३० साली, वयाची तिशी उंबरठ्यावर असताना, त्याने व्याख्यात्याची कायम नोकरी सोडली आणि लंडनला सॅव्हॉय नाट्यगृहात ‘ऑथेल्लो’मध्ये काम धरले. काम कुठले? निरोप्याचे! निरोप आणायचा, तो सांगायचा आणि जायचे. ऑथेल्लोच्या भूमिकेत होता पॉल रोबसन, अमेरिकेचा थोर कृष्णवर्णीय गायक-नट, ज्याचे वडील गुलामीत जन्मलेले होते. डेस्डिमोना होती पेगी ॲशक्रॉफ्ट. ज्या नाटकात नायकच मुळात परका, त्या नाटकात एका कोपऱ्यात हा एडिंबराचा परका उभा होता, हे मला फार बोलके वाटते. आपल्याकडे निरोप्याची, हुजऱ्याची, ‘गड्या’ची भूमिका मिळाली की आम्ही मुले खट्टू होतो. कॉलेजात शिकवणाऱ्या माणसाने ती आपण होऊन घेतली. पुढे ओल्ड व्हिकमध्ये शेक्सपिअरच्या नाटकांतून त्याने लहानमोठी कामे केली आणि १९३५ पासून तो चित्रपटांत दिसू लागला. सुरुवातीचे बरेच चित्रपट स्वस्त आणि घाईत काढलेले. त्यांविषयी लिहिण्यासारखे थोडे.

खरा सिम मला दिसला तो १९४६ सालच्या ‘ग्रीन फॉर डेंजर’मध्ये. युद्धकाळातले एक इस्पितळ, शस्त्रक्रियेच्या टेबलावर झालेला एक मृत्यू, आणि तपासाला आलेला इन्स्पेक्टर कॉक्रिल. जर्मनांचे उडते बॉम्ब तेव्हा इंग्लंडवर पडत. इंजिनाचा आवाज थांबला की बॉम्ब खाली येतो हे सर्वांना ठाऊक. आपला हा इन्स्पेक्टर रुबाबात चालत येतो आणि तो आवाज थांबताच प्रतिष्ठा विसरून आडोशाला उडी मारतो. रात्री अंथरुणात तो रहस्यकथा वाचतो, खुनी कोण ते ओळखले म्हणून स्वतःवरच खूश होतो, शेवटचे पान उलटून बघतो, तर अंदाज चुकलेला! हे सारे हसण्यासारखेच आहे. पण याच माणसाच्या फाजील हुशारीपायी शेवटी एक जीव जातो, आणि तो वरिष्ठांना राजीनामा लिहून पाठवतो, तो स्वीकारला जाणार नाही या खात्रीने. विनोद आणि अपराधीपणा एकाच आवाजात कसे राहू शकतात ते इथे ऐकावे.

‘स्क्रूज’विषयी तर काय सांगू! कंजूष म्हाताऱ्याला एका रात्रीत पश्चात्ताप होतो, ही गोष्ट डिकन्सने १८४३ साली लिहिली. तिच्यावर पुष्कळ चित्रपट निघाले. पण सकाळी जागा झालेला सिमचा स्क्रूज जो हसतो, त्याला तोड नाही. झोपेच्या सदऱ्यात उड्या मारतो, डोक्यावर उभे राहायचा प्रयत्न करतो, आणि ते पाहून घरकाम करणारी बाई किंचाळत जिन्यावरून पळ काढते. ते हसू मला आनंदाचे वाटलेच नाही आधी. ते एखाद्या अडकलेल्या दरवाज्यासारखे करकरत उघडते. वर्षानुवर्षे जो हसला नाही तो पहिल्यांदा हसला तर घसा असाच वाजेल! सुरुवातीच्या भागात हाच माणूस प्रत्येक शब्द नाण्यासारखा मोजून, शेवटचे व्यंजन दातात धरून देतो. शेवटी श्वास आणि शब्द यांची गाठच सुटते. वाणीच्या मास्तराने स्वतःच घालून दिलेले नियम मोडून दाखवावेत तसे ते आहे.

त्याच्या चित्रपटांची नुसती यादी देण्यात मला रस नाही. हिचकॉकच्या ‘स्टेज फ्राइट’मधला (१९५०) नायिकेचा बाप आणि ‘लाफ्टर इन पॅरडाइज’मधला (१९५१) तुरुंगात जाण्यासाठी धडपडणारा लेखक ही माझी आवडती कामे. प्रीस्टलेच्या नाटकावरून काढलेल्या ‘ॲन इन्स्पेक्टर कॉल्स’मध्ये (१९५४) तो एका श्रीमंत घरात शिरून एका गरीब मुलीच्या मृत्यूचा जाब विचारतो, आणि तोही आवाज न चढवता. दारिद्र्यावर आवाज न चढवता बोलता येते, हे आपल्या स्पर्धांतल्या वक्त्यांनी एकदा तरी पाहावे.

पण चित्रपटांपेक्षाही रंगभूमीवर त्याने केलेले एक काम मला अधिक जवळचे वाटते. ते मी पाहू शकत नाही, कारण नाटक पडदा पडला की संपते. ग्लासगोचा एक डॉक्टर जेम्स ब्रिडी या टोपणनावाने नाटके लिही. सिमने त्याची अनेक नाटके दिग्दर्शित केली आणि त्यांत कामही केले. १९४३ सालच्या ‘मिस्टर बॉल्फ्री’त त्याने स्कॉटलंडच्या डोंगराळ भागातला एक कडवा धर्मोपदेशक रंगवला. १९५० साली लंडनच्या गॅरिक नाट्यगृहात ‘मिस्टर गिली’ आले. हा गिली म्हणजे एका लहान स्कॉटिश गावचा शाळामास्तर. गावातल्या हुशार पोरांना हेरायचे, त्यांच्या मनात पुस्तकांची, कलेची आस लावायची आणि त्यांना बाहेरच्या मोठ्या जगात पाठवायचे, हा त्याचा ध्यास. जगाच्या हिशोबाने त्याचे विद्यार्थी फसतात. मास्तरच्या पदरी अपयश. आणि मृत्यूनंतर त्याच्या आयुष्याचा निवाडा होतो. ही भूमिका सिमने केली, आणि ज्या सालात केली त्या काळात तो स्वतः एडिंबरा विद्यापीठाचा रेक्टर होता! हे पद तिथे तेव्हा विद्यार्थ्यांच्या मतांनी भरले जाई. १९४८ ते १९५१ तो या पदावर होता. जे विद्यापीठ त्याने अर्ध्यावर टाकले त्याच विद्यापीठाच्या पोरांनी त्याला निवडून दिले. गिलीसारख्या मास्तरांनी गावोगाव पोरे हेरली नसती तर आमच्यापैकी किती जण या मासिकाचे वाचक झाले असते, हा हिशोब ज्याचा त्याने करावा.

आता मूळ मुद्द्याकडे येते. १९४० साली ‘कॉटेज टू लेट’ नावाच्या नाटकात सिमबरोबर एक पंधरा वर्षांचा मुलगा काम करत होता. त्याचे नाव जॉर्ज कोल. दक्षिण लंडनचा, दत्तक दिलेला, चौदाव्या वर्षी शाळा सुटलेला. लंडनवर बॉम्ब पडत होते. सिम आणि त्याची पत्नी नेओमी यांनी त्या मुलाला आणि त्याला वाढवणाऱ्या आईला आपल्या घरी राहायला नेले. आणि मग मास्तरमधला मास्तर जागा झाला. कोलची बोली कॉक्नी, म्हणजे लंडनच्या कष्टकरी वस्तीची. सिमने त्याला ती घालवायला शिकवले.

इथे मी थबकले. वाटले, झाले ना शेवटी तेच? गेलिक बोलणाऱ्या आईचा मुलगा दुसऱ्याच्या आईची बोली पुसायला बसला! आपल्याकडे बर्नार्ड शॉच्या ‘पिग्मॅलियन’वरून पु. ल. देशपांडे यांनी १९७५ साली ‘ती फुलराणी’ आणले. फुले विकणारी मंजुळा तिथे पैजेवर शुद्ध केली जाते. प्राध्यापकाची पैज जिंकली जाते आणि मुलगी ना इकडची राहते ना तिकडची. सिमनेही तेच केले असे म्हणायला जागा आहे. मी तसे म्हणणारच होते. पण कोलची पुढची कामे पाहिली आणि मत बदलावे लागले.

१९५१ सालच्या ‘स्क्रूज’मध्ये तरुणपणीचा स्क्रूज कोण आहे? जॉर्ज कोल. म्हणजे म्हाताऱ्या सिमचे तरुणपण. तिथे तो शिकलेली, सुसंस्कृत इंग्रजी बोलतो, आणि हाच पुढे तो म्हातारा होईल हे आपल्याला पटते. त्यानंतर तीनच वर्षांनी, १९५४ साली, ‘द बेल्स ऑफ सेंट ट्रिनियन्स’ आला. उनाड मुलींची एक भयंकर शाळा. सिम तिथे दोन भूमिकांत आहे, एक मुख्याध्यापिका मिस फ्रिटन आणि दुसरा तिचा लफंगा भाऊ. (बाईची भूमिका करताना त्याने आवाज चिरका केलेला नाही, अंगविक्षेप केलेले नाहीत. कर्जात बुडालेली एक सभ्य स्त्री त्याने पूर्ण आदराने उभी केली आहे. आपल्या स्नेहसंमेलनात साडी नेसून धुडगूस घालणाऱ्या मित्रांनी हे लक्षात घ्यावे.) आणि त्याच चित्रपटात जॉर्ज कोल आहे फ्लॅश हॅरी, झुडपांतून वावरणारा काळ्या बाजाराचा दलाल. बोली? अस्सल कॉक्नी! गुरू समोर, आणि शिष्य त्याच्यासमोर आपली जन्मबोली खणखणीत बोलतो आहे. पुढे १९७९ पासून १९९४ पर्यंत ‘माइंडर’ या दूरदर्शन मालिकेत कोल घराघरांत पोचला तोही लंडनच्या एका लबाड व्यापाऱ्याच्या भूमिकेत, तीच माती बोलण्यात ठेवून. म्हणजे बोली गेलीच नव्हती. तिच्या शेजारी दुसरी खोली बांधली गेली होती, आणि कोणत्या खोलीत केव्हा बसायचे हे ठरवणे कोलच्या हातात आले होते.

सिमच्याही बाबतीत तेच. इतकी वर्षे वाणी शिकवूनही त्याच्या इंग्रजीत एडिंबराचा सूर राहिलाच. माझ्यासारख्या परक्या कानालाही तो कळतो. भूमिकेला हवा असेल तेव्हा तो दाट होतो, नको तेव्हा विरळ. पण तो पुसून टाकला पाहिजे असे त्याला कधी वाटले असेल असे त्याच्या कामावरून दिसत नाही.

कुणी म्हणेल, हे सगळे ठीक, पण शेवटी त्याने शिकवलीच ना शुद्ध भाषा? मग तुमची तक्रार कशाबद्दल? तक्रार क्रमाबद्दल आहे. सिमने त्या मुलाला आधी घरात घेतले, नाटकात तो आधीच होता, आणि मग बोलणे शिकवले. आपल्याकडे बोलणे आधी, दार नंतर. निवड चाचणीत कोऱ्या कागदावरचा उतारा हातात देतात. दोन ‘न’ चुकले की परीक्षकांच्या भुवया वर जातात. मग दोन वाटा उरतात : एक तर पडदा ओढायचे काम, नाहीतर विनोदी गड्याची भूमिका, जिथे आमचे ‘न्हाई’ आणि ‘व्हतं’ ऐकून लोक हसावेत अशीच अपेक्षा असते. एका महाविद्यालयाच्या एकांकिकेत मी हेही पाहिले आहे की शेतकऱ्याच्या आईची गंभीर भूमिका शहरातल्या मुलीला दिली आणि तिला आमच्यासारखे बोलायला शिकवले! आमची बोली तिने शिकली तर ती कला. तीच आमच्या तोंडी असली तर दोष!

या बोलीच्या हशाचा एक गमतीदार नमुना सिमच्याच एका चित्रपटात आहे. १९६० सालचा ‘द मिलियनेरेस’, हाही शॉच्याच नाटकावरून. सोफिया लॉरेन नायिका, सिम तिचा वकील, आणि पीटर सेलर्स हा इंग्रज नट लंडनमधल्या भारतीय डॉक्टरच्या भूमिकेत. आपल्या माणसांच्या इंग्रजीचे हेल काढून सेलर्स लोकांना हसवतो. तो चित्रपट पाहताना वसतिगृहातल्या माझ्या शहरी मैत्रिणी चिडल्या. आपण असे बोलतो काय, म्हणाल्या. त्यांचा राग रास्तच होता. मी त्यांना एवढेच विचारले की आपल्या एकांकिकेतल्या गड्याला तुम्ही का हसता? थोडा वेळ कुणी बोलले नाही. मग विषय बदलला.

माणूस म्हणून सिम थोडा विक्षिप्त होता म्हणतात. चाहत्यांना तो स्वाक्षरी देत नसे. आपले काम प्रेक्षकांनी पाहावे, बाकी त्यांचा आपल्याशी आणि आपला त्यांच्याशी संबंध नाही, असा त्याचा बाणा. १९५३ साली त्याला सीबीई हा किताब मिळाला. पुढे ‘सर’ ही पदवी देऊ केली गेली ती त्याने नाकारली. या गोष्टींचे आपल्याकडे लगेच गोडवे गाऊ लागतात. मला त्यात फारसे नवल वाटत नाही. स्वाक्षरी न देणे ही काही अभिनयाची कसोटी नव्हे. मात्र ज्याने सहीसाठी आलेल्यांना परत पाठवले त्यानेच एका परक्या मुलाला आईसकट घरात ठेवले, आणि तो मुलगा पुढे लग्न होऊन, नामवंत होऊन सिमच्या मृत्यूपर्यंत त्याच्या शेजारीच राहिला, हे मात्र मी विसरू शकत नाही.

माझे म्हणणे थोडक्यात मावणारे आहे आणि खर्चिक मुळीच नाही. यंदा नाटकाच्या निवडीची सूचना फलकावर लागेल तेव्हा उतारा आठ दिवस आधी द्यावा. पहिले वाचन ज्याने त्याने आपल्या घरच्या बोलीत करावे, दुसरे प्रमाण मराठीत. दोन्ही ऐकून मग भूमिका वाटाव्यात. उच्चारांचा वर्ग हवाच, पण तो निवडीनंतर, निवडलेल्या सर्वांसाठी, शहरातल्या मुलांनाही धरून. त्यांनाही वाक्याचा शेवट गिळायची सवय आहे, फक्त ती कुणी त्यांना सांगत नाही. या सूचनेचा अर्ज मी सांस्कृतिक मंडळाकडे दिला आहे. त्यावर आतापर्यंत अकरा सह्या आहेत, आणि अर्ज ग्रंथालयाच्या दाराशी असलेल्या टेबलावर ठेवला आहे.